लिलावाची नोटीस देवळीत ठेवू नका



पेरणी-फवारणी सोडून यावेळी कायद्याचे कसे काय, असे वाटेल. पण वालूरच्या शिवारात फिरताना तुरीच्या मर रोगाइतकाच आणखी एक प्रश्न कानावर येतो. "साहेब, सातबाऱ्यावर बँकेचा बोजा आहे, थकलोय. जमीन लिलावात काढतील का? काढली तर दाद मागता येते का?" मी वकील नाही. नियम वाचून आणि जाणत्यांना विचारून जे समजले ते सांगतो. दाद मागता येते. मात्र प्रत्येक हरकतीला दिवसांची मुदत आहे. आपल्याकडे तर नोटीस आली की ती देवळीत सारायची, घरच्या बाईलाही सांगायचे नाही, अशी चाल. मुदत जाते ती तिथेच.

आधी पाहा, कर्ज कोणाचे. सोसायटी किंवा जिल्हा बँकेचे असेल तर 1960 च्या महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याचे कलम 101 लागते. निबंधक चौकशी करून वसुली दाखला देतो. त्या चौकशीची नोटीस येते तीच खरी महत्त्वाची. भरलेला हप्ता जमा धरला नाही, व्याज जास्त लावले, कर्जमाफीची रक्कम वजा केली नाही, हे सारे तिथे पावत्यांसह मांडायचे. तिथे पैसे भरून बोलावे लागत नाही. दाखला निघाल्यावर मात्र कलम 154 खाली फेरतपासणीचा अर्ज करायचा तर मुदत दोन महिन्यांची, आणि वसूल व्हायच्या रकमेच्या निम्मे पैसे आधी भरावे लागतात. ज्याच्याकडे निम्मे पैसे असते तो थकला कशाला असता! हा नियम मला कडक वाटतो, पण आहे तो असा आहे. थेट उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात गेले तरी कायद्यात दुसरी वाट असताना बहुधा तिकडेच परत पाठवतात.

दाखल्यानंतर जप्ती आणि विक्री होते ती 1961 च्या नियमांतील नियम 107 प्रमाणे. लिलावाचा जाहीरनामा वसुली अधिकाऱ्याच्या कचेरीत आणि तालुक्याला किमान 30 दिवस आधी लागला पाहिजे. गावात लिलावाआधी लागोपाठ दोन दिवस आणि लिलावाच्या दिवशी दवंडी हवी. खरेदीदाराने जागेवर 15 टक्के आणि उरलेले 15 दिवसांत भरायचे. शिवाय, जमेल तिथवर देण्यापुरतीच जमीन विकावी, जास्त नाही, असेही हाच नियम सांगतो. दोन एकरांत भागत असेल तर पाच एकर का, असे लेखी विचारायला हरकत नाही. दिवाणी कोर्टाच्या विक्रीबाबत सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये हेच म्हटले होते. त्या खटल्यात लहानशा रकमेसाठी दहा एकर विकली गेली होती.

लिलाव झाला तरी सारे संपत नाही. तारखेपासून 30 दिवसांत दोन वाटा असतात. पहिली पैशाची. समजा बोली 8 लाखांची, थकबाकी 3 लाखांची. खरेदीदारासाठी बोलीच्या 5 टक्के, म्हणजे 40 हजार, आणि जाहीरनाम्यातली थकबाकी व्याज-खर्चासह भरली की विक्री रद्द करून मागता येते. दुसरी वाट चुकीची: दवंडी नाही, तारीख चुकीची, संगनमत झाले. इथे चूक दाखवावी लागते आणि तिच्यामुळे मोठे नुकसान झाले हेही. नुसते "माती मोलाने गेली" म्हणून चालत नाही. दोन्ही वाटांनी एकदम जाता येत नाही. 30 दिवस उलटले की विक्री कायम होते.

कर्ज एका भावाचे आणि जमीन सामाईक, असे आपल्याकडे घरोघरी आहे. जप्तीत आपला हिस्सा आला तर भाऊ-बहिणीने त्याच नियमाखाली हक्क सांगायचा. अर्ज नाकारला तर सहा महिन्यांत दिवाणी दावा करता येतो.

सरकारी किंवा खासगी बँकेची गोष्ट वेगळी. 2002 च्या सरफेसी कायद्याने बँक कोर्टात न जाता तारण विकू शकते, पण कलम 31 प्रमाणे शेतजमीन त्यातून वगळली आहे. मुरगूडच्या सहकारी बँकेच्या खटल्यात 2020 मध्ये हा कायदा सहकारी बँकांनाही लागू ठरला, तरी ही सूट आहेच. मात्र 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की सातबाऱ्यावर "शेती" लिहिलेले पुरेसे नाही. जमीन खरोखर पिकते हे कर्जदाराने दाखवायचे. म्हणून पीकपाहणी दर हंगामात नोंदवा. पडीक दाखवलेला तुकडा अडचणीत आणतो. दिवाणी दाव्याची वाट बँकेला मोकळी असतेच. त्या हुकूमनाम्यातही शेतकऱ्याची गरजेची अवजारे, बैल, बियाणे आणि राहते घर जप्तीतून सुटतात.

जुन्या मुंबई इलाख्यात सुप्याच्या 1875 च्या उठावानंतर 1879 चा कायदा आला आणि खास गहाण नसलेली जमीन हुकूमनाम्यात विकणे बंद झाले. आपला भाग तेव्हा निजामाकडे, त्यामुळे ते संरक्षण इकडच्या आज्या-पणज्यांना मिळाले नाही. नाशिकला 2023 मध्ये जिल्हा बँकेच्या वसुलीविरुद्ध शेतकरी रस्त्यावर आले. बँकेत ठेवी शेतकऱ्यांच्याच असतात, हेही खरे; पण नियमाप्रमाणे वसुली मागणे म्हणजे कर्ज बुडवणे नव्हे.

वकिलाकडे जाताना नोटीस ज्या पाकिटात आली ते पाकीटही न्या, टपालाच्या शिक्क्यावरून मुदत मोजतात. सोबत कर्जाचा खातेउतारा, पावत्या, सातबारा आणि आठ-अ. फी परवडत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करा. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना तिथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.