पगडीचा भार

मुंबईच्या बाजारपेठेत ‘पगडी’ म्हटले की दुकानाचा गाळा आणि त्यासाठी मोजलेली रक्कम आठवते. पंजाबात त्याच शब्दाने माणसाची अब्रू आठवते. पंजाबीत तिला ‘पग्ग’ म्हणतात. आदराने बोलताना फारसीतून आलेला ‘दस्तार’ हा शब्द योजतात.

गुरु गोविंदसिंगांनी १६९९ च्या वैशाखीला आनंदपूर येथे खालसा पंथाची स्थापना केली. नांदेडला १७०८ मध्ये देह ठेवणारे तेच हे दशम गुरु. केस, कंगवा, कडे, कच्छ आणि कृपाण हे खालशाचे पाच ‘ककार’. आश्चर्य असे, की ज्या पगडीवरून शीख माणूस जगभर ओळखला जातो, ती या पाचांत नाही. न कापलेल्या केसांचा मान राखण्यासाठी ती बांधली जाते.

पाच-सहा मीटर मलमलीसारखे तलम कापड एकट्याने नीट दुमडणे अवघड. म्हणून घरातील कोणीतरी दुसरे टोक धरतो. या दुमडण्याला ‘पूणी’ म्हणतात. पित्याच्या पगडीची पूणी मुलाने वा मुलीने धरणे हे पंजाबी घरातील रोजचे दृश्य होय.

भाषेने या वस्त्राला पुष्कळ कामाला लावले आहे. ‘पग्ग लाहुणी’, म्हणजे पगडी उतरवणे, याचा अर्थ भरसभेत अपमान करणे. ‘पग्ग वटाउणी’, म्हणजे पगड्यांची अदलाबदल, याचा अर्थ परक्याशी भावाचे नाते जोडणे. महाराजा रणजितसिंग आणि फतेहसिंग अहलुवालिया यांनी १८०२ मध्ये असे नाते जोडले होते. जवाहिरांच्या व्यापाऱ्यांना ठाऊक असलेली एक आख्यायिकाही याच रिवाजाची आहे: नादिरशहाने बंधुभावाच्या मिषाने मोगल बादशहाशी पगडी बदलली आणि तीत लपवलेला कोहिनूर मिळवला. इतिहासाचा तिला भक्कम आधार नाही. परंतु विश्वासाच्या रिवाजाचा सौदा कसा होतो, हे ती नेमके सांगते.

‘पगडीला डाग लावणे’ हा वाक्प्रचार मात्र बहुधा मुलींनाच ऐकवला जातो. पगडी पित्याच्या मस्तकी आणि तिचा भार कन्येच्या पावलांवर, ही वाटणी न्याय्य नव्हे.

कर्ता पुरुष निवर्तला की ‘रस्म पगडी’ होते. शिखांप्रमाणे पंजाबी हिंदूंतही ती आहे. आप्तेष्टांच्या समक्ष थोरल्या मुलाच्या डोक्यावर पगडी बांधली जाते. त्या क्षणापासून घरातील लग्नकार्ये, वडिलांनी दिलेले शब्द आणि त्यांची देणीघेणी त्याची होतात. ज्या पेढीवर वडिलांच्या नावाची उधारी मुलगा फेडतो, तेथे हा विधी समजावून सांगावा लागणार नाही. अलीकडे काही घरांत मुलगा नसल्यास, क्वचित असतानाही, ही पगडी मुलीच्या मस्तकी बांधतात. त्या वेळी मंडपात क्षणभर कुजबुज होते. मग एखादे वडीलधारे पुढे होऊन कापडाचे टोक हाती घेतात.