निलंबन म्हणजे निकाल नव्हे

कर्जत तालुक्यातील मिरजगावसारख्या गावात एखादा तलाठी निलंबित झाला, की संध्याकाळपर्यंत पारावर त्याचा निकाल लागलेला असतो. ‘काहीतरी खाल्लं असणारच,’ असे एक म्हणतो. ‘बरी अद्दल घडली,’ असे दुसरा. हा संताप अकारण नाही. फेरफाराच्या नोंदीसाठी ज्याने हेलपाटे घातले, दुष्काळात पंचनाम्यासाठी ज्याने हात जोडले, त्याला सरकारी नोकराची कणव का यावी? आमची सहानुभूतीही प्रथम त्या शेतकऱ्यालाच आहे. तरीही निलंबित माणसाची चौकशी न्याय्य रीतीने झालीच पाहिजे, असे आम्ही म्हणतो; आणि ते त्या शेतकऱ्याच्याच हिताचे आहे.

राज्यघटनेच्या ३११ व्या कलमानुसार, दोषारोप कळवून व बाजू मांडण्याची वाजवी संधी देऊन चौकशी केल्याखेरीज, काही अपवाद सोडता, शासकीय नोकराला बडतर्फ करता येत नाही. पूर्वी चौकशीनंतर योजलेल्या शिक्षेविरुद्ध म्हणणे मांडण्याची दुसरी संधीही त्याला होती. आणीबाणीत, १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने, ती काढून घेतली. १९७८ च्या ४४ व्या दुरुस्तीने आणीबाणीतील पुष्कळ अन्याय दूर केले. ही संधी मात्र परत मिळाली नाही. आणीबाणीविरुद्धच्या लढ्याचा अभिमान बाळगणाऱ्यांनी हे विसरू नये. पुढे १९९३ साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने, चौकशी अधिकाऱ्याच्या अहवालाची प्रत दोषाबद्दल निर्णय घेण्यापूर्वी कर्मचाऱ्यास दिली पाहिजे, असे ठरविले, तेव्हा हानी काही अंशी भरून निघाली.

परंतु खरी शिक्षा पुष्कळदा निकालापूर्वीच भोगून होते. निलंबन ही नियमांच्या भाषेत शिक्षा नाही. प्रत्यक्षात पगार निम्म्यावर येतो, गावात तोंड दाखविण्याची चोरी होते आणि मुलीचे ठरत आलेले लग्न लांबणीवर पडते. निर्वाह भत्त्याकडे शासन कोणत्या दृष्टीने पाहत असे, याचा दाखला महाराष्ट्रातलाच आहे. कनिष्ठ न्यायालयाने दोषी ठरविलेल्या निलंबित नोकराला, त्याचे अपील प्रलंबित असताना, दरमहा एक रुपया नाममात्र भत्ता देण्याची तरतूद मुंबई नागरी सेवा नियमांत होती. १९८३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. उपाशी माणसाने स्वतःचा बचाव कसा करावा, हा साधा प्रश्न शासनाला न्यायालयात जाईपर्यंत पडला नव्हता!

अर्थशास्त्राच्या दृष्टीनेही ही दिरंगाई अक्षम्य आहे. निलंबित नोकराला काम न देता अर्धा पगार द्यावा लागतो; काही मुदतीनंतर तो वाढवावाही लागतो. पुढे तो निर्दोष ठरला, तर उरलेला पगारही तिजोरीतून जातो. दोषी ठरला, तर गुन्हेगाराला इतका काळ पोसल्यासारखे होते. दरम्यान त्याच्या सजाचा कार्यभार शेजारच्या तलाठ्याकडे जातो आणि शेतकऱ्याचे हेलपाटे दुप्पट होतात. या व्यवहारात लाभ एकाचाच. ज्याने निर्णय टाळला त्या अधिकाऱ्याचा.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. वरून हुकूम पुष्कळदा तोंडी येतो, कागदावर सही मात्र खालच्याची असते. प्रकरण उघडकीस आले की सही करणारा सापडतो आणि सांगणारा सुटतो. मूळ कागदपत्रे पाहण्याचा व साक्षीदारांची उलटतपासणी घेण्याचा हक्क कर्मचाऱ्याला खरोखर मिळाला, तर त्याच चौकशीतून दोषाचा माग वरपर्यंत लागू शकतो. म्हणूनच घाईघाईने उरकलेली चौकशी वरिष्ठांना सोयीची असते. शिवाय तशा चौकशीवर आधारलेला आदेश न्यायाधिकरणात टिकेल याची शाश्वती नसते, आणि खरा लाचखोर तांत्रिक मुद्द्यावर परत येऊन खुर्चीत बसतो.

नियम नाहीत असे नाही. महाराष्ट्रात १९७९ चे शिस्त व अपील नियम आहेत. निलंबनानंतर तीन महिन्यांत दोषारोपपत्र न दिल्यास निलंबन पुढे चालवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितले, आणि त्यास अनुसरून राज्य शासनाने ९ जुलै २०१९ रोजी निर्णयही काढला. त्याची अंमलबजावणी मात्र जागरूक लोकमताखेरीज होणार नाही.

तेव्हा आमच्या कार्यकर्त्यांना एक सूचना. भ्रष्ट नोकराविरुद्ध तहसीलवर मोर्चा अवश्य न्यावा. परंतु ‘निलंबित करा’ एवढी एकच घोषणा देऊन परतू नये. दोषारोपपत्र कोणत्या तारखेला देणार, चौकशी केव्हा संपविणार आणि तोंडी हुकूम देणाऱ्याची साक्ष घेणार की नाही, ही तीन उत्तरे लेखी मागावीत. निलंबनाच्या आदेशाने आपले समाधान होते, हे साहेबांना पुरते ठाऊक आहे. ते समाधान आपण नाकारले पाहिजे.