सर्वात जास्त वेळा हरलेला संघ



फुटबॉलमध्ये सर्वात जास्त गोल कोणाचे, हे आपल्या वस्तीतली सातवी-आठवीतली पोरे झोपेतसुद्धा सांगतील. पण सर्वात जास्त वेळा हरलेला संघ कोणता, असे कोणी विचारले तर सगळे हसतील. हरणाऱ्याचे नाव लक्षात ठेवून करायचे काय, असेच आपल्याला वाटते. पण या प्रश्नाचे उत्तर शोधायला गेले की हाती जे लागते, ते घरातल्या सगळ्यांनी मिळून वाचावे असे आहे. म्हणून आजचा लेख हरणाऱ्यांविषयी.

आधी खेळाची रीत समजून घेऊ. युरोपातल्या देशांमध्ये फुटबॉल संघांच्या श्रेणी असतात. स्पेन आणि इंग्लंडच्या पहिल्या श्रेणीत आज प्रत्येकी २० संघ आहेत. प्रत्येक संघ दुसऱ्या प्रत्येक संघाशी दोन वेळा खेळतो, एकदा आपल्या मैदानावर आणि एकदा त्याच्या. असे हंगामात ३८ सामने होतात. जिंकला तर ३ गुण, बरोबरी झाली तर १, हरला तर काही नाही. हंगाम संपला की तळाचे तीन संघ दुसऱ्या श्रेणीत ढकलले जातात आणि तिथले तीन संघ वर येतात. खाली जाणे म्हणजे नुसती अब्रू जाणे नव्हे. टीव्हीवाल्यांकडून येणारा पैसा आटतो, चांगले खेळाडू सोडून जातात आणि क्लबात काम करणाऱ्या साध्या नोकरदारांच्या पोटावरही पाय येतो.

आता उत्तर सांगतो. स्पेनच्या पहिल्या श्रेणीत सर्वात जास्त पराभव ज्याच्या नावावर आहेत, तो संघ म्हणजे बार्सिलोना शहरातला एस्पान्योल. त्याच्या पराभवांची संख्या एक हजाराच्या पुढे गेली आहे. बार्सिलोना म्हटले की आपल्या मुलांना मेस्सीचा संघ आठवतो. एस्पान्योल हा त्याच शहरातला दुसरा संघ. शेजारच्या श्रीमंत भावाने पंचवीसहून जास्त वेळा स्पेनचे अजिंक्यपद मिळवले. एस्पान्योलने एकदाही नाही.

मग हा संघ अगदीच टाकाऊ आहे का? त्याचा इतिहास बघा. १९०० साली अभियांत्रिकी शिकणाऱ्या आंखेल रोद्रिगेस नावाच्या विद्यार्थ्याने मित्रांना घेऊन हा क्लब काढला. १९२९ साली स्पेनची लीग सुरू झाली, तेव्हा पहिल्या दहा संघांत एस्पान्योल होता. त्या लीगच्या इतिहासातला पहिला गोलही याच संघाच्या पितुस प्रातने १० फेब्रुवारी १९२९ रोजी मारला. त्याच्या आदल्याच आठवड्यात संघाने स्पेनचा कप जिंकला होता. तेव्हा त्याचा गोलरक्षक होता रिकार्दो सामोरा. आजही स्पेनमध्ये हंगामातल्या उत्तम गोलरक्षकाला जे पारितोषिक देतात, ते या सामोराच्या नावाने. तो कप एस्पान्योलने पुढे १९४०, २००० आणि २००६ साली पुन्हा जिंकला.

एवढा जुना आणि एवढा मानाचा संघ असून पराभवांत पहिला कसा? हिशेब सोपा आहे. जो ऐंशीहून जास्त हंगाम पहिल्या श्रेणीत खेळला, त्याच्या खात्यात पराभव साचणारच. १९२९ च्या त्या दहा संघांपैकी युरोपा, रेआल युनियोन आणि आरेनास हे तीन संघ बघा. १९३५ पर्यंत तिघेही पहिल्या श्रेणीतून खाली गेले आणि नंतर आजवर तिथे परतले नाहीत. पहिल्या श्रेणीतले त्यांचे पराभव मोजले तर एस्पान्योलच्या मानाने अगदी थोडे भरतील. म्हणून त्यांना एस्पान्योलपेक्षा यशस्वी म्हणायचे का? त्यांचे पराभव थांबले, कारण त्यांचे सामनेच थांबले.

इंग्लंडकडे पाहिले तरी हेच दिसते. लिव्हरपूल शहरातला एव्हर्टन हा १८८८ साली लीग सुरू करणाऱ्या १२ संघांपैकी एक. तेव्हापासून पहिल्या श्रेणीबाहेर त्याने फक्त चार हंगाम काढले. पहिल्या श्रेणीत त्याच्याइतके सामने दुसरा कोणताही इंग्रज संघ खेळलेला नाही. त्याचे पराभव दीड हजाराहून अधिक आहेत आणि अजिंक्यपदे नऊ. म्हणजे पराभवांच्या यादीत वर असलेला संघ विजेत्यांच्या यादीतही आहे. दोन्ही याद्यांत नाव यायचे तर मैदानात उतरावे लागते.

एस्पान्योलची मला सर्वात आवडलेली गोष्ट मात्र वेगळीच आहे. हा संघ सहा वेळा दुसऱ्या श्रेणीत घसरला: १९६२, १९६९, १९८९, १९९३, २०२० आणि २०२३ साली. आणि सहाही वेळा तो पुढच्याच वर्षी वर चढून आला. एकदाही त्याने खाली दुसरे वर्ष काढले नाही. पराभवांचा आकडा सगळे सांगतात. पण हा सहा वेळा परत येण्याचा हिशेब कोणी सांगत नाही.

या संघाच्या नशिबी आलेले दुःखही साधे नव्हते. १९८८ साली युरोपच्या युएफा कपच्या अंतिम फेरीत पहिला सामना त्याने ३-० असा जिंकला. परतीच्या सामन्यात जर्मनीच्या लेव्हरकुसेनने तेवढेच तीन गोल फेडले आणि पेनल्टीवर कप नेला. २००७ साली त्याच स्पर्धेच्या अंतिम सामन्यात पुन्हा पेनल्टीवर कप गेला. त्या संपूर्ण स्पर्धेत एस्पान्योल खेळाच्या वेळेत एकही सामना हरला नव्हता. कर्जापायी १९९७ साली त्याला आपले सारिया हे जुने मैदान विकावे लागले. २००९ साली कप्तान दानी खार्के हृदयविकाराने अवघ्या सव्विसाव्या वर्षी गेला. त्याचा क्रमांक २१ होता. तेव्हापासून सामन्याच्या एकविसाव्या मिनिटाला प्रेक्षक उभे राहून त्याच्यासाठी टाळ्या वाजवतात. नेहमी जिंकणारा संघ शेजारीच असताना ही माणसे इथे का येतात, हे त्या टाळ्यांवरून कळते.

आणि हरणाऱ्याच्या हातातही कधी कधी मोठ्यांचा निकाल असतो. जून २००७ मध्ये बार्सिलोनाच्या मैदानावर, सामना संपायला मिनिटभर उरले असताना, एस्पान्योलच्या राऊल तामुदोने गोल करून २-२ अशी बरोबरी केली. बार्सिलोनाचे दोन गुण गेले. हंगाम संपला तेव्हा बार्सिलोना आणि रिअल माद्रिद यांचे गुण सारखे भरले आणि आपसातल्या सामन्यांच्या जोरावर अजिंक्यपद माद्रिदला गेले.

त्याच्या आदल्या वर्षी, मे २००६ मध्ये, एस्पान्योल स्वतःच खाली जाण्याच्या काठावर होता. शेवटच्या सामन्याची नव्वद मिनिटे संपली होती आणि एकही गोल झाला नव्हता. जादा वेळेत फेर्रान कोरोमिनास या पोराने गोल मारला आणि संघ वाचला. हा कोरोमिनास म्हणजे आपल्या शेजारच्या गोव्याचा लाडका 'कोरो'. २०१७ ते २०२० या काळात तो एफसी गोवा संघाकडून खेळला आणि इंडियन सुपर लीगमध्ये सलग दोन हंगाम सर्वाधिक गोल करणारा ठरला. फातोर्ड्याच्या मैदानावर ज्याच्या नावाचा जयघोष झाला, तो याच सर्वात जास्त हरलेल्या संघाच्या तालमीत तयार झाला होता.

पराभवाचा आणखी एक प्रकार आहे, तोही समजून घेतला पाहिजे. १९६५ साली जर्मनीच्या पहिल्या श्रेणीतून बर्लिनच्या हेर्था या संघाला पैशांच्या गैरव्यवहाराबद्दल काढून टाकण्यात आले. बर्लिनचा एक तरी संघ हवाच, म्हणून हंगाम तोंडावर आला असताना टास्मानिया बर्लिन या छोट्या संघाला ती जागा दिली. खेळाडू सुट्टीवर गेले होते, त्यांना धावतपळत बोलावून घेतले. पहिल्या सामन्याला ऐंशी हजारांवर लोक आले आणि टास्मानियाने तो जिंकलासुद्धा. पण ३४ सामन्यांच्या त्या हंगामात २ विजय, ४ बरोबरी आणि २८ पराभव झाले. ओळीने ३१ सामन्यांत विजय नाही. १५ गोल केले आणि १०८ खाल्ले. जानेवारी १९६६ मधल्या एका सामन्याला अवघे ८२७ प्रेक्षक होते. १९७३ साली तो क्लब दिवाळखोरीत बुडाला आणि त्याच्या जागी नवा उभा करावा लागला.

दोष खेळाडूंचा म्हणायचा का? त्यांना जागा दिली, पण तयारीला वेळ दिला नाही, साधने दिली नाहीत, पाठीशी कोणी उभे राहिले नाही. हे वाचताना आपल्या माणसांना बरेच काही आठवेल. कॉलेजात जागा मिळालेले आपले पोर पहिल्या वर्षी अडखळले की लोक लगेच म्हणतात, "बघा, झेपत नाही यांना." वसतिगृह मिळाले का, शिष्यवृत्ती वेळेवर आली का, पुस्तके होती का, हे कोणी विचारत नाही. बाबासाहेबांना हे पक्के ठाऊक होते. म्हणून १९२५ साली त्यांच्या बहिष्कृत हितकारिणी सभेने सोलापूरला वसतिगृह काढले. म्हणून १९४५ साली पीपल्स एज्युकेशन सोसायटी स्थापन झाली. नुसता दरवाजा उघडून भागत नाही, आत गेलेल्याला टिकून राहण्याचे बळ द्यावे लागते, हा विचार त्यामागे होता.

आणि पराभव बाबासाहेबांच्याही वाट्याला आले. १९५२ च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत मुंबईतून ते पराभूत झाले. ज्यांनी देशाची घटना घडवली, त्यांना लोकसभेत जाता आले नाही! १९५४ साली भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीतही तेच झाले. पण त्यांचे काम थांबले का? भंडाऱ्यानंतर अवघ्या अडीच वर्षांत, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, नागपूरच्या दीक्षाभूमीवर लाखोंचा जनसागर त्यांच्या मागे उभा होता.

धम्मपदाच्या अट्ठकथेत कोसलचा राजा पसेनदी याची गोष्ट आहे. भाचा अजातशत्रू याच्याकडून तो तीनदा हरला आणि लाजेने अंथरुणाला खिळला. अन्न टाकले. ही वार्ता भगवंतांच्या कानी गेली, तेव्हा त्यांनी हार आणि जीत या दोहोंच्या पलीकडच्या शांतीचा उपदेश केला. राजाने जे केले तेच निकालाच्या दिवशी आपल्या कित्येक घरांत घडते. पोर भिंतीकडे तोंड करून झोपते, ताटाला हात लावत नाही. आई पदराने डोळे पुसते आणि बाप कामावरून आल्यावर शेजाऱ्याच्या मुलाचे टक्के ऐकवतो. असे दोन दिवस गेले की कधी कधी भलतेच होऊन बसते, आणि मग आयुष्यभर रडत बसावे लागते.

म्हणून आई-वडिलांना हात जोडून सांगणे आहे. निकालाच्या दिवशी आधी पोराला जेवू घाला. शेजाऱ्याचे टक्के त्या दिवशी घरात आणू नका. दहावी-बारावीची पुरवणी परीक्षा त्याच वर्षी पावसाळ्यात होते, तिचा फॉर्म मुदतीत भरा. शाळा मध्येच सुटली असेल तर १७ नंबरचा फॉर्म भरून बाहेरून परीक्षेला बसता येते. ज्या विषयात पोर अडले, तो शिकवणारी एखादी ताई किंवा दादा आपल्याच वस्तीत असतो. बुद्धविहारात रोज संध्याकाळी एक तास अभ्यासिका चालवायला फार पैसा लागत नाही, चार माणसांची तयारी लागते.

मुलांनो, तुम्हालाही एक सांगतो. अष्टांगिक मार्गातला सम्यक व्यायाम म्हणजे जोर-बैठका नव्हेत. योग्य दिशेने पुन्हा पुन्हा केलेला प्रयत्न म्हणजे सम्यक व्यायाम. एकाच चुकीने दहा वेळा हरणे हा काही प्रयत्न नव्हे. कुठे चुकले ते शोधायचे, ज्याला येते त्याला विचारायचे आणि पुढच्या सामन्याला वेळेवर हजर राहायचे. एस्पान्योल सहा वेळा खाली गेला, हे ज्याला पाठ आहे, त्याने तो सहा वेळा वर आला, हेही पाठ करावे.

जयभीम! नमो बुद्धाय!