दाव्यातील वारस आणि ९० दिवसांची मुदत

घरातील कर्ता पुरुष गेल्यानंतर बँकेतील खाते, जीएसटी नोंदणी, विम्याची रक्कम यांकडे कुटुंबाचे लक्ष लवकर जाते. न्यायालयात चालू असलेल्या दाव्याकडे मात्र सहसा कोणी वळत नाही. कागदपत्रे वकिलांकडे असतात, पुढची तारीख काही महिन्यांनी असते आणि ‘वकीलसाहेब पाहून घेतील’ अशी सर्वांची समजूत असते. वकिलांना निधनाची वार्ताच कोणी कळविलेली नसते.

समजा, हळदीच्या एका व्यापाऱ्याने आठ लाखांच्या थकबाकीसाठी खरेदीदारावर दावा लावला आणि १ जून रोजी त्याचे निधन झाले. मुदतीच्या कायद्यानुसार मयताचे वारस दाव्यात लावण्यासाठी ९० दिवस मिळतात. ते निधनापासून मोजले जातात; मृत्यूचा दाखला मिळाल्यापासून नव्हे. ३० ऑगस्टपर्यंत अर्ज न झाल्यास दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २२ प्रमाणे त्या वादीपुरता दावा आपोआप संपुष्टात येतो. त्यासाठी न्यायाधीशांच्या वेगळ्या आदेशाची गरज नसते. त्याच कारणासाठी नवा दावाही लावता येत नाही. संपुष्टात आलेला दावा पुन्हा जिवंत करण्याच्या अर्जास आणखी ६० दिवस, म्हणजे २९ ऑक्टोबरपर्यंत, वाव असतो; पण तेथे पुरेसे कारण दाखवावे लागते. त्यानंतर विलंबमाफीचा स्वतंत्र अर्ज आलाच. नोव्हेंबरच्या तारखेला मुलगा फाईल घेऊन न्यायालयात उभा राहतो, तेव्हा वडिलांचा दावा कायद्याच्या दृष्टीने उरलेलाच नसतो. न्यायालये अशा प्रसंगी बहुधा उदार असतात. परंतु वडिलांचे निधन ठाऊक नव्हते, असे मुलाला थोडेच म्हणता येते!

व्यापारी कुटुंबांनी येथे एक भेद नीट ध्यानी घ्यावा. दावा नोंदलेल्या भागीदारी पेढीच्या नावाने असेल आणि एक भागीदार निवर्तला, तर आदेश ३० नुसार त्याचे वारस लावणे आवश्यक नाही. एकट्या मालकाच्या दुकानाला मात्र ही सवलत नाही. पाटीवर कोणतेही भारदस्त नाव असो, कायद्याला तेथे फक्त मालक दिसतो.

वारस म्हणून कोणाला लावावयाचे, येथेही घोटाळा होतो. हिंदू उत्तराधिकार कायदा १९५६ जैनांनाही लागू आहे. मृत्युपत्र नसेल तर मुलगा, मुलगी, पत्नी आणि हयात असलेली आई हे सारे पहिल्या वर्गाचे वारस ठरतात. विवाहित मुलगी ‘परक्या घरची’ म्हणून वगळली जाते आणि वृद्ध आईचे नाव तर कोणाच्या मनातही येत नाही. बँकेत नामनिर्देशन आहे एवढ्यावर कोणी वारस होत नाही. नामनिर्देशित व्यक्ती रक्कम स्वीकारते, मालकी वारसांची राहते. वारसांबद्दल वाद उद्भवल्यास न्यायालय त्या दाव्यापुरता निर्णय देते. मालमत्तेच्या हक्काचा वाद त्याने मिटत नाही.

अर्जासोबत मृत्यूचा दाखला, सर्व वारसांची नावे, वये, पत्ते आणि प्रतिज्ञापत्र लागते. नवे वकीलपत्रही द्यावे लागते. अज्ञान वारस असल्यास पालक नेमावा लागतो. येणे वसुलीच्या दाव्यात हुकूमनामा होण्यापूर्वी भारतीय उत्तराधिकार अधिनियम १९२५ च्या कलम २१४ प्रमाणे वारसा प्रमाणपत्र सहसा मागितले जाते. ते मिळण्यास वेळ लागतो, म्हणून त्याची तयारी वारस लावतानाच सुरू करणे शहाणपणाचे.

प्रतिवादीचे निधन झाल्यास त्याचे वारस लावण्याची जबाबदारी वादीची असते. अशा वेळी मुलांना समन्स आले तर घाबरून जाऊ नये. वडिलांच्या देण्यासाठी ती केवळ वारसाने हाती आलेल्या मालमत्तेपुरतीच बांधील असतात. स्वतःच्या कमाईतून ते देणे फेडण्याची सक्ती होत नाही. हुकूमनाम्यानंतरच्या दरखास्तीला ९० दिवसांची ही अट लागू नाही. अपिलाला मात्र आहे.

पक्षकाराच्या निधनाची माहिती न्यायालयास देण्याचे कर्तव्य संहितेने वकिलांवर टाकले आहे. पण ती त्यांना घरातूनच कळली पाहिजे. दिवाळीत नवी चोपडी मांडताना चालू दाव्यांचे क्रमांक, न्यायालयाचे नाव आणि वकिलांचा दूरध्वनी एका पानावर लिहून ते पान पत्नीला व मुलांना दाखवून ठेवावे.