एकाच सिनेमाचा नट

‘झुंड’ सिनेमातला बाबू, म्हणजे प्रियांशू क्षत्रिय, याचा ऑक्टोबर 2025 मध्ये नागपुरात खून झाला आणि आमच्या ओळखीच्या एका विद्वानांना लगेच सिद्धांत सुचला. वस्तीतल्या पोट्ट्यांना पडद्यावर आणूच नये. चार दिवस अमिताभसोबत वावरतात, डोक्यात हवा जाते, पुढे काम मिळत नाही आणि वाया जातात.

हे ऐकून संताप येतो. ‘झुंड’ 4 मार्च 2022 ला आला. त्याआधी या वस्त्यांतली तरुण पोरं चाकूनं मरत नव्हती? मरत होती. पेपरात ‘युवकाचा खून’ एवढी ओळ यायची, कुणी सिद्धांत मांडत नव्हतं.

पण खरा राग आहे तो ‘वाया गेला’ या निकालावर. एका सिनेमानं गाजून पुढे दुसरी वाट धरली म्हणजे माणूस फसला, हे कुणी ठरवलं? 1953 च्या ‘श्यामची आई’तले श्याम, माधव वझे, पुढे इंग्रजीचे प्राध्यापक आणि नाट्यसमीक्षक झाले. त्यांची कारकीर्द खुंटली म्हणून कुणी गळा काढला नाही. ‘सलाम बॉम्बे’तल्या शफीक सय्यदला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पुढे त्यानं बंगळुरात रिक्षा चालवली, त्याची गोष्ट मात्र शोकांतिका म्हणून सांगतात. प्राध्यापकी प्रतिष्ठेची आणि रिक्षा म्हणजे अधःपतन! हा कळवळा नव्हे, कष्टाच्या कामाबद्दलची तुच्छता आहे.

‘फँड्री’ सिनेमाच्या वेळीही अशीच तुच्छता ऐकली होती. त्यातल्या सोमनाथ अवघडेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी ‘तो अभिनय कुठे करतो, तो तसाच आहे’ म्हणणारे होतेच. तसं असणं इतकं सोपं असेल, तर या मंडळींनी एकदा कॅमेऱ्यासमोर स्वतःसारखं बसून दाखवावं. ‘झुंड’मध्ये बोराडे सरांच्या, म्हणजे अमिताभच्या, घरी ही पोरं एकेक करून आपली कहाणी सांगतात, तो प्रसंग पुन्हा पाहा. चेष्टामस्करी चाललेली असते, बोलता बोलता आवाज जड होतो आणि बाकीचे गप्प होतात. नागपूरच्या बोलीत, आपल्याच तोंडानं. याच सिनेमासाठी अंकुश गेडामला पदार्पणाचा फिल्मफेअर मिळाला. एवढं काम कमी आहे?

‘निर्मात्यांनी वापरून घेतलं’ हा आक्षेप मात्र झटकून टाकता येत नाही. बालकलाकाराच्या कमाईतला किमान 20 टक्के भाग राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवावा, असा 2017 चा नियम आहे. पण कायद्यातलं बालक 14 वर्षांखालचं. पंधरा-सोळाची पोरं त्यातून सुटतात. त्यांनाही ही ठेव मिळावी. आणि शूटिंग आटोपल्यावर निदान दोन वर्षं शाळेची, कामाची विचारपूस करणारं कुणी असावं. ‘झुंड’मधले बोराडे सर ज्यांच्यावर बेतलेत, त्या विजय बारसे सरांनी 2001 पासून ‘स्लम सॉकर’मधून याच शहरात वस्तीतल्या पोरांना फुटबॉलच्या मैदानावर आणलं. मैदानाला जमतं ते सिनेमालाही जमेल.

वस्तीतल्या पोरांना पडद्यापासून दूर ठेवा म्हणणाऱ्यांनी त्यांच्यासाठी दुसरं कुठलं दार उघडून ठेवलंय, ते आधी सांगावं.