वेल्ह्याचं 'राजगड' झालं, पण जुन्या फाइलीत 'वेल्हे' सापडेल का?

मार्च 2024 मध्ये राज्य मंत्रिमंडळाने पुणे जिल्ह्यातल्या वेल्हे तालुक्याचं नाव 'राजगड' करायला मंजुरी दिली. पाटी बदलायला रंगारी पुरतो. पण कॉम्प्युटरमध्ये साठलेल्या नावाचं काय? तुम्ही म्हणाल, सोपं आहे, 'फाइंड अँड रिप्लेस' करायचं. इथेच खरी गंमत आहे.

शेजारच्या भोर तालुक्यातलं, पुणे-सातारा हायवेवरचं किकवी घेऊ. कृतिदेव फॉन्टमध्ये टाईप केलेलं 'किकवी' स्क्रीनवर अगदी बरोबर दिसतं. फाइलमध्ये मात्र पाच इंग्रजी अक्षरं असतात: एफ, डी, डी, ओ, एच. फॉन्ट फक्त त्यांना देवनागरीचे कपडे चढवतो. हा फॉन्ट नसलेल्या मोबाइलवर तीच फाइल उघडली की कपडे उतरतात. त्या फाइलीत युनिकोड कीबोर्डने 'किकवी' शोधलं तर उत्तर येतं शून्य. 'वेल्हे'चंही तेच. डीटीपीवाल्यांनी अशा फॉन्टमध्ये वर्षानुवर्षं काम केलंय आणि प्रत्येक फॉन्टचा हिशोब वेगळा.

मग युनिकोडने काय केलं?

प्रत्येक अक्षराला जगभर एकच क्रमांक दिला. देवनागरी 1991 च्या पहिल्याच आवृत्तीत होती, आणि तिची मांडणी 'इस्की' या भारतीय मानकावर बेतलेली होती. युनिकोडमध्ये 'किकवी' म्हणजे पाच क्रमांक: क, वेलांटी, क, व, वेलांटी. पहिली वेलांटी दिसते 'क'च्या आधी, पण साठवली जाते नंतर, आपण उच्चार करतो त्या क्रमाने. कृतिदेवमध्ये ती आधी येते. म्हणून जुनी फाइल कन्व्हर्ट करताना नुसती अक्षरं बदलून भागत नाही, क्रमही फिरवावा लागतो.

तरी मराठीची एक खास अडचण उरतेच. 'शेतकऱ्यांना' आणि 'शेतकर्‍यांना' हे दोन शब्द नीट बघा. फरक दिसला? बहुतेक नाही. पहिल्यात खास 'ऱ' वापरलाय आणि त्यात 11 क्रमांक आहेत. दुसऱ्यात साध्या 'र'ला हलन्त लावून पुढे एक न दिसणारं जोडचिन्ह आहे, म्हणून 12. दोन्ही पद्धती युनिकोडला मान्य आहेत. पण अक्षर-न-अक्षर जुळवणाऱ्या साध्या सर्चला हे दोन वेगळे शब्द वाटतात. आडनावात 'ऱ्य' किंवा 'ऱ्ह' असेल तर नाव यादीत असूनही 'सापडलं नाही' असं येऊ शकतं. सर्च बनवणाऱ्याने दोन्ही रूपं आधीच एक मानायला हवीत. हे काम त्याचं आहे, शोधणाऱ्या शेतकऱ्याचं नाही.

जागेचाही प्रश्न आहे. इंटरनेटवर सर्रास चालणाऱ्या यूटीएफ-8 पद्धतीत इंग्रजी अक्षराला 1 बाइट लागतो, देवनागरीला 3. म्हणजे रोमनमधली 'किकवी' 5 बाइटची, देवनागरीतली 15 ची. यावरून मराठी 'जड' आहे असं म्हणणारे भेटतात. त्यात फारसा दम नाही. त्या तीन बाइटपैकी पहिला देवनागरीसाठी कायम तोच असतो आणि दुसरा दोनच प्रकारचा. अशी पुनरुक्ती झिपसारखं कॉम्प्रेशन झटकन दाबून टाकतं.

खरा फटका एसएमएसला बसतो, कारण तिथे कॉम्प्रेशन नाही. एका मेसेजला 140 बाइट. इंग्रजी अक्षराला 7 बिट, म्हणून 160 अक्षरं मावतात. मराठीत प्रत्येक क्रमांकाला 16 बिट, म्हणून फक्त 70. 'ग्रामपंचायत किकवी' एवढ्यातच 17 जागा संपतात, कारण हलन्त, काना, अनुस्वार सगळे वेगळे मोजले जातात. इंग्रजी मेसेजमध्ये एक जरी मराठी अक्षर घातलं तरी अख्ख्या मेसेजची मर्यादा 70 वर येते.

आणि नोटिशीचा फोटो काढून ग्रुपवर टाकला तर? वाचता येतो, पण त्यात अक्षरं नसतातच, फक्त ठिपके असतात. 2025 मध्ये मतदार याद्यांवरून पेटलेल्या वादात हाही एक मुद्दा होता: यादी स्कॅन केलेली द्यायची की सर्च होणारी? अशा सर्च होणाऱ्या टेक्स्टची कमलनाथ यांची मागणी सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये मान्य केली नव्हती. मतदारांच्या खासगीपणाचा मुद्दा खोटा नाही, पण हजारो नावं डोळ्यांनी तपासायची म्हणजे सामान्य माणसाचा दिवस गेला.

तुमच्याकडची जुनी मराठी फाइल कोणत्या प्रकारची आहे हे बघायचंय? त्यातली एक ओळ कॉपी करून व्हॉट्सअ‍ॅपवर स्वतःलाच पाठवा. मराठी दिसली तर युनिकोड. इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसली तर आधी कन्व्हर्टर शोधा, आणि मूळ फाइल मात्र डिलीट करू नका.