पहारा प्रेमावर नको

रत्नागिरीत थिबा राजाची गोष्ट सगळे सांगतात. १८८५मध्ये इंग्रजांनी ब्रह्मदेशाच्या या राजाला पदच्युत केले, पुढच्या वर्षी येथे आणून ठेवले आणि १९१६मध्ये तो येथेच वारला. त्याच्या थोरल्या मुलीचा विषय मात्र दबक्या आवाजात निघतो. बौद्ध राजघराण्यातली ही राजकन्या आणि वाड्याच्या दारावरचा हिंदू नोकर गोपाळ सावंत यांचे प्रेम जमले. तो विवाहित होता. त्यांना १९०६मध्ये टुटू ही मुलगी झाली. १९१९मध्ये राजकुटुंब मायदेशी परतले. राजकन्या मात्र पुढे रत्नागिरीला परत आली ती कायमची. १९४७मध्ये हलाखीतच तिचा अंत झाला. टुटू मराठी बोलत, येथेच संसार करत २०००पर्यंत जगली. या नात्याने ना बौद्ध धर्म बुडाला, ना हिंदू. हाल झाले ते एका बाईचे.

आज वेगवेगळ्या धर्मांचे दोघे अविवाहित, सज्ञान असले आणि धर्म न बदलता लग्न करायचे ठरवले, तर १९५४च्या विशेष विवाह कायद्याची वाट आहे. पण त्यासाठी तीस दिवस आधी नोटीस द्यावी लागते आणि ती कचेरीत लावली जाते. नोकरीसाठी मुंबईत राहणाऱ्या मुलीचे कायमचे घर रत्नागिरीत असेल, तर नोटिशीची प्रत येथेही लावली जाते. वय किंवा आधीचे लग्न यांसारख्या कायदेशीर कारणांवर आक्षेप घेता यावा, हा नोटिशीचा हेतू. प्रत्यक्षात मुलीला घरी कोंडायला किंवा तिच्यावर दबाव आणायला तो महिना पुरतो. हिंदू किंवा मुस्लिम पद्धतीने होणाऱ्या लग्नांना अशी जाहीर नोटीस लागत नाही. मग ही अट यांना का? वय आणि आधीचे लग्न कागदपत्रांवरून तपासता येते. त्यासाठी नाव-पत्ता भिंतीवर लावण्याची गरज नाही. संसदेने हे कलम रद्द केले पाहिजे.

घरच्यांकडून धोका असलेल्या जोडप्यांसाठी जिल्ह्यात विशेष कक्ष असावा, सुरक्षित निवाऱ्याचा विचार व्हावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१८मध्येच बजावले आहे. रत्नागिरीच्या प्रशासनाने आपल्या कक्षाचा दूरध्वनी क्रमांक प्रत्येक महाविद्यालयात आणि पोलीस ठाण्यात ठळक लावावा. आईबापांना दुःख होईल; ते खरे आहे, त्यांच्याशी बोललेही पाहिजे. पण सज्ञान मुलीचा निर्णय तिचाच आहे. सरकारने पहारा द्यायचाच, तर तो तिच्या जिवाच्या रक्षणासाठी द्यावा.